टाकण्याआधी विचारा

१ फेब्रुवारी

भिंगरे,

आशीर्वाद आहेतच, ते दर पत्रात नव्यानं लिहीत बसत नाही. फोन करत नाही, कारण फोनवर तू मधेच बोलतेस आणि मला काय म्हणायचं होतं ते मी विसरते. कागदापुढे तुला गप्प बसावं लागतं.

तुझी फाईल आली. आमच्या प्राणिसंग्रहालयाचे कॉम्प्युटर सांभाळणारा चष्मेवाला सकाळी ती बसवून गेला. मी खोकं यायची वाट बघत होते. खोकं नाही, दोरी नाही, काही नाही. तो दोनदा टिकटिक करून म्हणाला, "झालं." मी म्हटलं, "एवढ्यासाठी टेबल पुसून घेतलंस?"

मग मोठ्या साहेबांनी सगळ्यांना अंगणात उभं करून सांगितलं, "आजपासून आपले कागद चालणार नाहीत, धावतील." हत्तीवाला म्हणाला, "पाय माझ्याकडून देऊ का?" साहेब हसले नाहीत. ते हसत नाहीतच, सही करायच्या माणसाचं तोंड आहे त्यांचं.

तू माझी सख्खी भाची हे इथे कोणाला सांगितलेलं नाही. कोठीवाला लगेच म्हणेल, घरातल्या घरात कामं वाटून घेतात.

बावीस तारखेला साहेबांनी 'काम पसंत' अशी सही केली तर तुझी नोकरी पक्की, नाही तर घरी, असं तू म्हणालीस. घरी म्हणजे काय ते मला कळतं. तुझी आई आधी माझी बहीण आहे. ती तुला मामाच्या फरशीच्या दुकानात बसवील आणि तू जन्मभर गिऱ्हाइकांना सांगशील, ही पांढरी, आणि ही त्याहून पांढरी.

तर आता सांग, तुझी फाईल करते काय. एका पानात. मी चौथी शिकलेय, पण एकोणीस वर्षं या कागदखोलीत आहे. कुठला कागद कुठे जातो ते मला साहेबांपेक्षा जास्त कळतं.

घाईत असलेली,
मावशी


५ फेब्रुवारी

मावशी,

नमस्कार. तुझ्या अक्षरातसुद्धा तू ओरडतेस, बरं वाटलं.

एका पानात सांगते. तू रोज पिंजऱ्यांची खाण्याची यादी आणि डॉक्टरीणबाईंचे कागद मशीनवर ठेवतेस, त्यांची चित्रं तुमच्या कागदपत्रांच्या प्रोग्राममध्ये जमा होतात. पण त्या प्रोग्रामला बाहेरचं कोणी ओळखत नाही. चाऱ्याच्या व्यापाऱ्याचा कॉम्प्युटर वेगळा, रक्त तपासणाऱ्या प्रयोगशाळेचा वेगळा, तिकीट खिडकीचा वेगळा. प्रत्येकाची बोलायची तऱ्हा वेगळी. माझी फाईल मधे उभी राहते. इकडचं तिकडच्या तऱ्हेनं सांगते, तिकडचं इकडच्या.

अशा फाईलला आम्ही लायब्ररी म्हणतो. ती आपणहून काहीच करत नाही, तिला उघडलं तरी काही दिसत नाही. ज्या प्रोग्रामला गरज पडेल तो तिला हाक मारतो, काम करून घेतो आणि सोडून देतो. एकच फाईल, सगळ्यांची मिळून.

वीस दिवस तिनं नीट काम केलं म्हणजे झालं. तू फक्त एक कर. कशालाही हात लावू नकोस.

तुझी,
भिंगरी

ता. क. पांढऱ्या फरशीचं खरं आहे. आईनं दुकानात माझी खुर्ची बघून ठेवलीय, उशीसकट.


९ फेब्रुवारी

भिंगरे,

म्हणजे ती फाईल मीच की. आपणहून कोणी विचारत नाही, गरज पडली की हाक, काम झालं की ढुंकून बघत नाहीत. हे तू पहिल्या ओळीत लिहिलं असतंस तर पान वाचलं असतं.

काम मात्र झकास चाललंय. पाणघोड्याच्या गवताची यादी मी मशीनवर ठेवली आणि चहा प्यायला गेले. कप धुतेपर्यंत व्यापाऱ्याकडून 'मिळाली' असं उत्तर आलं. आधी कोठीवाला तीच यादी घेऊन सायकलवरून टपालात जायचा आणि वाटेत तीन ठिकाणी गप्पा मारायचा. आता तो गप्पा मारायला माझ्याकडे येतो, तेवढा एक तोटा.

इथे सिंहाला नवा खोकला लागलाय, डॉक्टरीणबाईंनी रक्त घेतलं, त्याचा निकाल दुसऱ्या दिवशी कॉम्प्युटरवर हजर. त्या म्हणाल्या, "कोणी केलंय हे? हुशार पोरगी असणार." मी खिडकीतून बाहेर बघत राहिले.

आणि ऐक, आज मीही तुझ्या कामाला हातभार लावला. चष्मेवाला अक्कलदाढ काढायला चार दिवस रजेवर गेलाय. जाताना म्हणाला, "कॉम्प्युटरमध्ये जागा कमी पडतेय, नको ते कागद काढून ठेवा." अक्कल लागणारं काम मला देऊन दाढ काढायला गेला. मी बसले. आपल्या खोलीचा नियम तुला माहीत आहे, एकाच कागदाच्या दोन प्रती असल्या तर नवी ठेवायची, जुनी टाकायची. दोन कप्प्यांत एकाच नावाची एकेक फाईल निघाली. तारीख बघितली, एक गेल्या वर्षीची, एक या महिन्यातली. जुनी टाकली. कॉम्प्युटर विचारतो, "खात्री आहे का?" एकोणीस वर्षांत मला कोणी खात्री विचारली नव्हती. दाबलं 'हो'. मग टोपलीही रिकामी केली, कचरा साठवायची मला सवय नाही.

शाबासकी पुढच्या पत्रात पाठव.

मावशी


१२ फेब्रुवारी

मावशी,

तुझं पत्र या वेळी आलं नाही, टपालात अडकलं असेल. मला थांबवत नाही म्हणून लिहिते.

आज आमच्या मोठ्या बाईंनी सगळ्यांसमोर माझं नाव घेतलं. म्हणाल्या, प्राणिसंग्रहालयाकडून अकरा दिवसांत एकही तक्रार नाही, याआधी असं कधी झालं नव्हतं. मला चाकांची खुर्ची मिळाली. मी त्या खुर्चीवरून दाराशी गेले, दारातून पाण्याच्या नळाशी गेले, नळापासून बाईंच्या टेबलाशी गेले आणि त्यांच्या पायावर चाक घातलं. तरी त्या रागावल्या नाहीत.

अजून दहा दिवस. मी हिरव्या चपला घेतल्या. पक्की झाले की घालणार, तोवर खोक्यातच बघते.

तुझी,
भिंगरी


१४ फेब्रुवारी

भिंगरे,

इथे सगळं उत्तम. हवा छान. चपला हिरव्या कशाला घेतल्यास, मळ दिसत नाही म्हणून का?

एक विचारायचं होतं. माझ्यासाठी नाही, कोठीवाल्याच्या मेहुणीसाठी. तिनं म्हणे कुठलीशी फाईल टाकली आणि टोपलीही रिकामी केली. ती परत कशी आणतात? तिला घाई आहे. तशी मलाही तिच्यासाठी घाई आहे.

बाकी दहा तारखेपासून आम्ही जरा लवकर येतो, सकाळी सहाला. मी, हत्तीवाला, पोपटांची बाई, आणि हातगाडी. व्यायाम चांगला होतो. चाऱ्याचा ट्रक येतो, प्रत्येक पोत्यावर पिंजऱ्याचं नाव लिहिलेलं असतं, माणसं पोती त्या त्या दारात टाकून जातात. मग आम्ही ती उचलून दुसऱ्या दारात नेतो. सिंहाचं मांस कासवांपुढून उचलायचं. कासवांचा पाला हत्तीपुढून. हत्तीचा ऊस पोपटांच्या जाळीतून ओढून काढायचा, तो आत जात नाही आणि बाहेरही येत नाही. पोपटांचे दाणे पाणघोड्यापुढून, पाणघोड्याचं गवत माकडांकडून. माकडं देत नाहीत. त्यांनी त्याची गादी केलीय. आणि माकडांची केळी सिंहाकडून. सिंहानं पहिल्या दिवशी ती हुंगली आणि माझ्याकडे असं बघितलं, जसं तुझी आई लग्नातल्या आहेराकडे बघते.

साहेब दहाला फेरी मारतात. तोवर सगळं जागच्या जागी. कोणाला उपास पडलेला नाही, ते मी बघते. पिंजऱ्यावाल्यांना सांगितलंय की ही नवीन पद्धत आहे, आधी शेजाऱ्याला वास द्यायचा. हत्तीवाल्याला पटलं नाही, पण तो माझ्याशी वाद घालत नाही, एकदा घातला होता.

फोन शिक्क्यांच्या कप्प्यात ठेवलाय. वाजला तर उचलणार नाही, शिक्के मारायचे आहेत.

मेहुणीचं विसरू नकोस.

मावशी


१७ फेब्रुवारी

मावशी,

कोठीवाल्याला मेहुणी नाही. तूच मागे लिहिलं होतंस की त्याची बायको एकुलती एक.

घरमालकीणबाईंनी तुझी दोन्ही पत्रं आज एकदम दिली. पहिलं त्यांच्या पिशवीत कांद्याखाली राहिलं होतं. वाचल्यापासून एकतीस वेळा फोन केला. तुझे शिक्के सुखरूप असतील अशी आशा आहे.

काय झालंय ते ऐक. त्या दोन प्रती नव्हत्या. चाऱ्याच्या व्यापाऱ्याचा कॉम्प्युटर जुना आहे, त्याला जुनीच फाईल समजते. प्रयोगशाळेचा नवा, त्याला नवी. म्हणून दोन कप्पे. तू जुनी टाकलीस, चाऱ्याच्या प्रोग्रामनं त्या नावाची दुसरी शोधली, त्याला नवी सापडली. नवी यादी एक ओळ आधी सुरू करते. म्हणून प्रत्येकाचं खाणं शेजाऱ्याला आणि शेवटच्याचं पहिल्याला. बंद पडलं असतं तर लगेच कळलं असतं. हे बंद पडलं नाही, आनंदानं चुकत राहिलं.

आता माझी गोष्ट, जी मी तुला लिहिली नव्हती. दोन वेगळ्या फाईलींना एकच नाव मी दिलं. कंटाळा केला. नाव बदललं तर आणखी चार ठिकाणी बदलावं लागणार होतं. मोठ्या बाईंनी एकदा विचारलं होतं, तेव्हा मी म्हटलं, कोण हात लावणार आहे तिथे. तुझा नियम बरोबर होता, मावशी. माझ्या कप्प्यावर खोटं लिहिलं होतं.

उद्या सकाळी मी बाईंना सगळं खरं सांगणार आहे. टोपली रिकामी झाली म्हणजे ती फाईल आमच्याकडून परत मागवावी लागेल, आणि मागवली की तुझ्या साहेबांना कळेल. सही काही होत नाही. चपला तुला होतील का, तुझा पाय माझ्याएवढाच आहे ना?

टपालाची वाट बघवत नाही. चाऱ्याच्या व्यापाऱ्याचं गोदाम इथेच आहे, पत्र ट्रकवाल्याच्या हातात देते.

भिंगरी


१८ फेब्रुवारी, दुपारी, ट्रक सुटायच्या आत

भिंगरे,

थांब. बाईंना काही सांगू नकोस. सांगितलं असशील तर पुढचं वाच आणि मग काय ते ठरव.

टोपली रिकामी केली, पण फाईल माझ्याकडे आहे. या खोलीतून मी एकही कागद तीन महिने थांबवल्याशिवाय बाहेर टाकलेला नाही. टाकायचं ते आधी थांबापेटीत. कागद पेटीत मावतो, ही फाईल कशी ठेवायची म्हणून चष्मेवाल्याच्या त्या बोटाएवढ्या डबीत तिची नक्कल घेतली, डबीला सुतळीनं चिठ्ठी बांधली आणि पेटीत ठेवली. तुला लिहिलं नाही कारण मला वाटलं हे सगळेच करतात. गेले आठ दिवस मी त्या पेटीवर डबा ठेवून जेवतेय. त्यातलं परत आत घातलं की चालतं, हे मला तुझ्या पत्रावरून कळलं. कागद तर तसा परत लावता येतोच, पण कॉम्प्युटरचं काही सांगता येत नाही असं वाटलं.

चष्मेवाला आजच आला. दाढ सुजली, चार दिवसांचे नऊ झाले, गाल अजून पाणघोड्यासारखा. बोलता येत नाही, त्यामुळे मला बोलणी बसली नाहीत. साडेसातला फाईल जागेवर.

पण आजची पोती तोवर येऊन पडली होती. आम्ही हातगाडी काढली, आणि साहेब आज आठलाच आले.

मी सिंहापुढे केळ्यांचा घड घेऊन उभी. साहेब म्हणाले, "बाई, सिंहाला केळी?"

म्हटलं, "खात नाही साहेब, म्हणून परत नेतेय."

"रोज नेता?"

"आठ दिवस झाले."

"आणि मला आज कळतंय?"

"तुम्ही दहाला येता."

हत्तीवाला हातगाडीमागे खाली बसला. एवढा मोठा माणूस, बसला तरी दिसतो. मग मी साहेबांना सगळं सांगितलं. एक अक्षर सोडलं नाही, मेहुणीसुद्धा. ते म्हणाले, "म्हणजे फाईल चांगली आणि बिघाड तुम्ही केलात."

म्हटलं, "केला. पण माझ्या खोलीतल्या प्रत्येक पेटीला चिठ्ठी आहे, ही पेटी कोण कोण मागतं त्याची. चिठ्ठीवर एक जरी नाव असलं तरी मी पेटी हलवत नाही, आधी त्या माणसाला विचारते. त्या फाईलवर चिठ्ठी नव्हती. तिला सगळे वापरतात आणि तिच्या अंगावर कोणाचं नाव नाही. मी काय समजायचं? आणि पोरगी चौदा महिने त्यावर बसलीय, ती काय सिंहाला केळी घालायला?"

साहेब म्हणाले, "ही पोरगी कोण तुमची?"

म्हटलं, "भाची."

कोठीवाला तिथेच होता. त्याचं तोंड उघडं राहिलं, मी बघितलं तसं मिटलं.

साहेब सिंहाकडे बघत म्हणाले, "बावीस तारखेला मी तुमच्या खोलीत येईन. ती फाईल मी माझ्या हातानं टाकून बघेन. गेली, तर सही नाही."

तेव्हा ऐक. एक नाव एका फाईलीला दे, दुसरं दुसरीला. आणि चिठ्ठी लाव. कशी लावायची ते तू बघ, मी सुतळी पाठवली तर उपयोग नाही. चार दिवस आहेत. चपला मला नकोत, हिरव्या आहेत.

मावशी


२० फेब्रुवारी

मावशी,

ट्रक यायच्या आधीच मी बाईंना सांगून मोकळी झाले होते. मग संध्याकाळी तुझं पत्र आलं, ते मी त्यांच्यापुढे ठेवलं. त्यांनी पूर्ण वाचलं. केळ्यांपाशी त्यांना ठसका लागला, पाणी द्यावं लागलं. मग म्हणाल्या, "अकरा वर्षं आपण अशा फाईली बनवतोय आणि चिठ्ठी लावायचं कोणाच्या डोक्यात आलं नाही. लाव. पण सही नाही आली तर मी तुला ठेवू शकत नाही, माझ्याही वर माणसं आहेत." चाकांची खुर्ची त्यांनी परत घेतली नाही, पण तिच्याकडे बघितलं.

दोन दिवसांत केलंय. दोन फाईली, दोन नावं, चार ठिकाणचे बदल, जे आधीच करायला हवे होते. आणि चिठ्ठी. आता कोणी प्रोग्राम फाईलला हाक मारायला लागला की त्याचं नाव तिच्या चिठ्ठीवर चढतं. चिठ्ठीवर नाव असेल तर ती जात नाही, कोणीही कितीही 'हो' दाबलं तरी.

आज तिकडच्या कॉम्प्युटरवर ती बसवायला चष्मेवाल्यांना पाठवलीय. त्यांनी सूज असूनही फोनवर मदत केली. मला त्यातलं निम्मं कळलं.

माझ्या टेबलावर मी वीस वेळा टाकून बघितली, गेली नाही. पण तुझे साहेब म्हणजे वेगळं. मावशी, मला भीती वाटते. आईचा फोन आला होता, उशीला खोळ शिवून झाली.

भिंगरी


२३ फेब्रुवारी

भिंगरे,

फोनवर तुला एका शब्दात सांगितलं आणि तू एवढी किंचाळलीस की पुढचं सांगता आलं नाही. आता गप्प बसून वाच.

काल अकराला साहेब आले. माझ्या खुर्चीवर बसले, ती त्यांना बुटकी होते, गुडघे कानाशी. दारात डॉक्टरीणबाई, हत्तीवाला, पोपटांची बाई, कोठीवाला, सगळे. चष्मेवाला भिंतीला टेकून गालाला बर्फ लावून उभा. मी टेबलाचा कोपरा धरला होता, तो अजून थोडा हलतो.

साहेबांनी फाईल शोधली. टाकायचं दाबलं. कॉम्प्युटरनं विचारलं, "खात्री आहे का?" साहेबांनी 'हो' दाबलं. त्यावर कॉम्प्युटर म्हणतो, ही फाईल जाणार नाही. साहेबांनी पुन्हा दाबलं. जाणार नाही. त्यांनी बाह्या वर केल्या, चष्मेवाल्याला म्हणाले, "तुमच्या किल्लीनं बघा." त्यानं एका हातानं बर्फ सांभाळत बघितलं. जाणार नाही. साहेबांनी कॉम्प्युटर बंद करून चालू केला आणि पुन्हा टाकली. भिंगरे, सातव्या वेळी माझी खात्री झाली की आता ती कंटाळून जाणार. मी तरी गेले असते.

मग साहेबांनी डोळे बारीक करून चिठ्ठी मोठ्यानं वाचली. "हिला वापरतात: चाऱ्याचा व्यापारी. तिकीट खिडकी. कोठी. दवाखाना." आणि खाली शेवटची ओळ. "कागदखोलीतल्या मावशी. टाकण्याआधी यांना विचारा."

हे तू मला लिहिलं नव्हतंस.

साहेब गुडघ्यांसकट माझ्याकडे वळले. म्हणाले, "विचारायचं का तुम्हाला?"

म्हटलं, "तिथे लिहिलंय तर विचारा."

"टाकू का?"

"नाही."

त्यांनी खिशातून पेन काढलं आणि सही केली. टेबल हलत होतं म्हणून सही वाकडी आली, बाईंना सांग, ती तशीच आहे. जाताना म्हणाले, "उद्यापासून मी आठला येणार." हत्तीवाल्यानं कपाळावर हात मारला. सिंह बरा आहे, खोकला गेला. माकडांना मात्र गवताची सवय लागलीय, गादीसाठी रोज ओरडतात, यादीत थोडं वाढवावं लागलं.

आता कामाचं. एकोणीस वर्षांत मी सलग चार दिवस रजा घेतलेली नाही. परवा घेतेय. तू भिंगरीसारखी खुर्चीवरून फिरत असशील ते बघायचं आहे, आणि चपला घालून दाखव, मी नावं ठेवणार आहे. आईला मी कळवलंय की उशी मला पाठव, ट्रकमधून पाच तास बसायचं तर लागेल. हो, चाऱ्याच्या ट्रकनं येतेय, रिकामा परत जातोच.

निघण्याआधी मी माझ्या खुर्चीला सुतळीनं चिठ्ठी बांधलीय. कोठीवाला म्हणाला, "कशाला? चार दिवसांचा प्रश्न आहे." मी म्हटलं, माझ्यामागे कोणाला वाटलं की ही खुर्ची जुनी आहे, टाकून देऊ, तर विचारायला नको? मग त्यानंच वाकून वाचली. हत्तीवाला, पोपटांची बाई, डॉक्टरीणबाई, चष्मेवाला, स्वतःचं नाव, आणि तुझं. बराच वेळ वाचत होता, नावं तर सातच आहेत.

दुपारी साहेब आले. त्यांनीही वाचली. म्हणाले, "माझं नाव सगळ्यात खाली का?"

म्हटलं, "सगळ्यात जास्त हाका तुम्ही मारता. जरा वाकून वाचा."

वाकले, भिंगरे. आणि हसले. दात चांगले आहेत माणसाचे, एकोणीस वर्षांत पहिल्यांदा बघितले.

गुरुवारी गोदामाच्या दारात उभी राहा. ट्रकमधल्या उरल्यासुरल्या गवतात बसलेली मी असेन.

मावशी